वाचकांचे प्रश्न : रिक मिअर्स आणि डावीकडची चार वळणे

मागील अंकात पीथमपूरच्या वाहनचाचणी मार्गाविषयी लिहिताना मी अमेरिकेतील इंडियानापोलिसच्या लंबगोल धावमार्गाचा आणि तेथे चार वेळा जिंकलेल्या रिक मिअर्स या चालकाचा उल्लेख केला होता. उल्लेख एका वाक्याचा होता, पण त्यावर बरीच पत्रे आली. त्यांतील काही पत्रांना या वेळी उत्तरे देत आहे. सदराच्या प्रथेप्रमाणे पत्रलेखकांची नावे दिलेली नाहीत.

प्रश्न (अभियांत्रिकीचा विद्यार्थी, सुदामा नगर, इंदूर) : सर, आपण मिअर्सला थोर चालकांच्या पंक्तीत बसवले आहे. मी फॉर्म्युला वनच्या शर्यती नियमित पाहतो. तेथे डावी-उजवी वळणे, चढउतार, पाऊस या सगळ्यांना चालकाला तोंड द्यावे लागते. इंडियानापोलिसला चारच वळणे आहेत आणि तीही सगळी डावीकडची. तीन तास गोल फिरण्यात कसब ते कोणते? शिवाय जो फॉर्म्युला वनमध्ये कधी उतरलाच नाही, त्याला एवढे मोठे का मानावे?

उत्तर : हा आक्षेप पुष्कळांच्या मनात असतो, म्हणून त्याला सविस्तर उत्तर देतो. आपण अभियांत्रिकी शिकत आहात, तेव्हा आधी थोडे गणित करू. इंडियानापोलिसची एक फेरी अडीच मैलांची, म्हणजे सुमारे ४ किलोमीटरची आहे. दोन लांब सरळ पट्ट्या प्रत्येकी पाच-अष्टमांश मैलाच्या, दोन आखूड पट्ट्या प्रत्येकी एक-अष्टमांश मैलाच्या आणि चार वळणे प्रत्येकी पाव मैलाची. पाव मैलात मोटार ९० अंश वळते, म्हणजे वळणाची त्रिज्या सुमारे २५६ मीटर भरते. बाहेरच्या कडेकडे जाणारा वळणाचा चढ ९ अंश १२ मिनिटांचा आहे. एवढ्यावरून हिशेब केला, तर केवळ चढाच्या आधाराने, टायरांवर आडवा ताण न येता, मोटार त्या वळणातून ताशी जेमतेम ७३ किलोमीटर वेगाने जाऊ शकते. आपल्या पीथमपूरच्या नॅट्रॅक्स या वाहनचाचणी केंद्राचा ११.३ किलोमीटरचा मार्ग जून २०२१ मध्ये खुला झाला. त्याच्या वळणांना उतार इतका दिलेला आहे की तेथे हाच आकडा ताशी २५० किलोमीटर येतो, आणि त्या वेगाला स्टीअरिंगवर जोर न देताही मोटार वळण घेते.

आता मिअर्सचा आकडा पाहा. १९९१ च्या पात्रता फेरीत, म्हणजे सुटण्याचा क्रम ठरवणाऱ्या चाचणीत, त्याने चार फेऱ्यांची सरासरी ताशी २२४.११३ मैल, म्हणजे सुमारे ३६१ किलोमीटर राखली. ७३ आणि ३६१ यांच्यामधली सारी तफावत टायरांच्या पकडीने आणि पंखांवरून वाहताना मोटारीला खाली दाबणाऱ्या हवेने भरून काढायची असते. ही पकड नेमकी कुठे संपते हे कोणतेही यंत्र चालकाला वेळेवर सांगत नाही. ते त्याच्या पाठीला आणि तळहातांना कळावे लागते, कारण पकड सुटली की पुढे काँक्रीटची भिंत असते.

दुसरी गोष्ट अशी की ही चार वळणे दर फेरीला तशीच राहत नाहीत. मिअर्सच्या काळात टाकीत ४० गॅलन, म्हणजे सुमारे १५० लिटर मिथेनॉल मावत असे. त्याचे वजन सुमारे १२० किलो आणि रिकाम्या मोटारीचे वजन सुमारे ७०० किलो. म्हणजे टाकी भरलेली असताना आणि संपत आलेली असताना चालकाच्या हाती दोन वेगळ्या मोटारी असतात. ऊन चढले की मार्ग गुळगुळीत लागू लागतो, वारा फिरला की एका वळणात मोटार चिकटते आणि दुसऱ्यात सुटते, टायर झिजत जातात. पुढची चाके आधी घसरली तर मोटार वळेनाशी होऊन नाकाने भिंतीकडे सरकू लागते. त्याला तिकडे ‘पुश’ म्हणतात. मागची चाके आधी घसरली तर शेपूट निसटते. त्याला ‘लूज’ म्हणतात. चालकाने हे ओळखून चमूला सांगायचे, चमूने पुढच्या थांब्यावर पंखाचा कोन थोडासा बदलायचा किंवा मागच्या टायरांच्या घेरातला फरक कमी-जास्त करायचा, आणि पुन्हा पुढच्या थांब्यापर्यंत तपासत राहायचे. शर्यत २०० फेऱ्यांची, ५०० मैलांची, म्हणजे सुमारे ८०५ किलोमीटरची असते. इंदूरहून ग्वाल्हेर-आग्रामार्गे दिल्ली गाठण्याइतके हे अंतर झाले.

मिअर्सची विद्या इथे होती. शर्यतीचा मोठा भाग तो मोटार दुरुस्त करण्यात घालवी, पुढच्या चार-पाच जणांच्या आसपास राही, आणि अखेरच्या ५० मैलांसाठी मोटार हवी तशी झाली की मग तिला मोकळी सोडी. १९८८ मध्ये तो पहिल्या क्रमांकावरून सुटला, पण मोटार सुरुवातीला इतकी बिघडलेली वागत होती की आघाडीच्या मोटारींनी त्याला एक पूर्ण फेरी मागे टाकले. त्या वेळी तो चिडून मोटारीशी झगडला असता तर भिंतीवर गेला असता. त्याने थांब्यागणिक ती सुधारून घेतली, गेलेली फेरी परत मिळवली आणि शर्यत जिंकली. मला तरी त्याच्या चार विजयांपैकी हा विजय त्याच्या स्वभावाचा सर्वात खरा नमुना वाटतो.

याच माणसाच्या नावावर इंडियानापोलिसला सहा वेळा पोल पोझिशन, म्हणजे सुटताना पहिली जागा, मिळवण्याचा विक्रम आहे : १९७९, १९८२, १९८६, १९८८, १९८९ आणि १९९१. म्हणजे धीर धरणारा हा चालक मंद मुळीच नव्हता. आणि १९७७ मध्ये तेथे प्रथम गेलेला हा चालक १९९१ च्या मे महिन्यापर्यंत तेथील भिंतीला एकदाही लागला नव्हता, हे मला सहा पोलांहूनही मोठे वाटते.

राहिला फॉर्म्युला वनचा मुद्दा. १९८० मध्ये ब्रॅबम या फॉर्म्युला वन संघाने मिअर्सला फ्रान्समधील पॉल रिकार आणि कॅलिफोर्नियातील रिव्हरसाइड या दोन मार्गांवर मोटार चालवून पाहायला दिली होती. तेथे त्याचा वेग उत्तम होता आणि जागाही देऊ केली गेली. तो अमेरिकेतील आपल्या पेन्स्के संघातच राहिला. डाव्या-उजव्या वळणांच्या मार्गांवरही त्याने शर्यती जिंकल्या आहेत : १९७८ मध्ये इंग्लंडमधील ब्रँड्स हॅच, १९८० व १९८१ मध्ये मेक्सिको सिटी, १९८१ मध्ये रिव्हरसाइड आणि वॉटकिन्स ग्लेन. फॉर्म्युला वनला तो कमी पडला असता असे म्हणायला आधार नाही.

प्रश्न (निवृत्त शिक्षिका, रामबाग, इंदूर) : असा चालक घडतो कसा? त्याचे घराणे मोटारींचे होते, की पैशाच्या बळावर तो पुढे आला? आमच्याकडे गाण्यात घराणे विचारतात, म्हणून विचारते.

उत्तर : आपण घराणे विचारलेत ते बरे केलेत, कारण मिअर्सच्या घरात मोटारीची तालीम होती, श्रीमंती नव्हती. त्याचा जन्म ३ डिसेंबर १९५१ रोजी कॅन्सस राज्यातील विचिटा येथे झाला आणि तो वाढला कॅलिफोर्नियातील बेकर्सफील्ड या गावी. वडील बिल मिअर्स हे स्वतः शर्यती खेळलेले. थोरला भाऊ रॉजर आणि रिक हे दोघे मोटारसायकली आणि वाळवंटात चालणाऱ्या हलक्या मोटारी यांच्या शर्यतींतून पुढे आले. जिथे जमीन दर क्षणी चाकाखालून सरकते, तिथे मोटारीला जबरदस्तीने नेता येत नाही, तिच्या कलाने घ्यावे लागते. पुढे डांबरी मार्गावर त्याचा हात जो इतका हलका राहिला, त्याचे मूळ मला या वाळूत दिसते.

उघड्या चाकांच्या मोटारींत तो १९७६ मध्ये आला. १९७७ मध्ये इंडियानापोलिसला त्याला पात्रताही मिळवता आली नाही. मोटार जुनी होती आणि पैसा तुटपुंजा. त्या सुमारास संघमालक रॉजर पेन्स्के यांची नजर त्याच्यावर पडली. पेन्स्के यांचा एक चालक मारिओ आंद्रेट्टी १९७८ मध्ये फॉर्म्युला वनमध्ये गुंतलेला होता (त्या वर्षी तो जगज्जेताही झाला), म्हणून काही शर्यतींपुरता एक बदली चालक त्यांना हवा होता. मिअर्सला मिळाली ती ही बदलीची जागा. त्या अर्ध्यामुर्ध्या मोसमात त्याने मिलवॉकी, अटलांटा आणि ब्रँड्स हॅच येथे तीन शर्यती जिंकल्या, आणि इंडियानापोलिसच्या पहिल्याच शर्यतीत तो पहिल्या रांगेतून सुटला.

पुढच्याच वर्षी, १९७९ मध्ये, त्याने ती शर्यत जिंकली. अल अन्सरची आघाडीवरची मोटार बिघडली, मग अखेरच्या टप्प्यात बॉबी अन्सरच्या मोटारीचा वरचा गिअर गेला आणि मिअर्स पुढे झाला. याला कुणी नशीब म्हणेल. पण त्या मोसमात त्याने राष्ट्रीय विजेतेपदही मिळवले आणि साऱ्या मोसमातला त्याचा सर्वात खालचा क्रमांक सातवा होता. मोटार शेवटपर्यंत धड ठेवणे हा ज्याचा रोजचा रियाज आहे, त्याच्याच वाट्याला दुसऱ्यांच्या बिघाडाचा लाभ येतो. विजेतेपद त्याने पुन्हा १९८१ आणि १९८२ मध्ये मिळवले.

प्रश्न (गृहिणी, लोकमान्य नगर, इंदूर) : माझ्या मुलाने मला एक जुनी चित्रफीत दाखवली. तीत माणसे हातपाय झाडत सैरावैरा पळत आहेत आणि आग कुठेच दिसत नाही. मुलगा म्हणतो ते जळत होते. हे कसे शक्य आहे?

उत्तर : मुलगा खरे सांगतो. ती १९८१ च्या इंडियानापोलिस शर्यतीतली घटना असावी आणि त्या माणसांत मिअर्स स्वतः होता.

आपल्या पिढीतील अनेकींनी पंपाचा स्टोव्ह पेटवताना वाटीत स्पिरिट ओतून काडी लावलेली असेल. माझी आई सकाळच्या उन्हात अंगणात स्टोव्ह पेटवी, तेव्हा ज्योत लागली की नाही हे पाहण्यासाठी आम्हा मुलांना हात पुढे करू देत नसे. वर एक कागदाचा कपटा धरून पाही. स्पिरिटच्या जळण्यात काजळी जवळजवळ होत नाही. पिवळी ज्योत आपल्याला दिसते ती तापून उजळलेल्या काजळीच्या कणांमुळे, आणि ते कण नसले की उरते फिकट निळी ज्योत, जी भर उन्हात डोळ्यांना दिसत नाही. मिथेनॉल याच जातीचे.

त्या शर्यतीत ५८व्या फेरीच्या सुमारास मिअर्स इंधनासाठी थांबला. नळी मोटारीला नीट जोडली जाण्याआधीच मिथेनॉल उसळून बाहेर आले, गरम इंजिनावर पडले आणि पेटले. आग मोटारीला, चालकाला आणि मदतनीसांना लागली, पण आजूबाजूच्यांना ती दिसत नव्हती. मिअर्स उडी मारून भिंतीपलीकडे आला आणि आपण जळत आहोत हे खुणांनी सांगू लागला. मदतीला आलेल्या माणसाने ज्वाळा दिसत नसल्यामुळे त्याचे शिरस्त्राण काढायचा प्रयत्न केला. अखेर वडील बिल मिअर्स यांनी अग्निशामक नळकांडे उचलून ती आग विझवली. मिअर्सचा चेहरा भाजला आणि नाकावर शस्त्रक्रिया करावी लागली. संघातील काही मदतनीसही रुग्णालयात दाखल झाले.

मग असे घातक इंधन वापरलेच का, असा प्रश्न आपल्याला पडेल. १९६४ मध्ये याच मार्गावर एडी सॅक्स आणि डेव्ह मॅकडोनाल्ड हे दोन चालक पेट्रोलच्या प्रचंड भडक्यात मृत्युमुखी पडले. त्यानंतर तेथे मिथेनॉलकडे वळण्यात आले, कारण मिथेनॉल पाण्यात मिसळते आणि त्याची आग साध्या पाण्याने विझवता येते. एक धोका टाळताना दुसरा पत्करावा लागला. ही शर्यत ज्या इंडीकार मालिकेचा भाग आहे, ती २००७ मध्ये इथेनॉलवर गेली.

भाजल्यानंतर सुमारे महिनाभराने मिअर्स अटलांटाला परतला आणि एकाच दिवशी झालेल्या दोन्ही शर्यती जिंकला. त्या मोसमात त्याचे सहा विजय झाले. एका मोसमात इतके विजय त्याला पुन्हा कधी मिळाले नाहीत.

प्रश्न (निवृत्त बँक कर्मचारी, नारायण बाग, इंदूर) : आपण त्याच्या धीराचे कौतुक करता. परंतु धीर धरणारा माणूस शेवटी हातचे गमावून बसतो, असाही अनुभव आहे. त्याच्या बाबतीत तसे कधी घडले नाही काय?

उत्तर : घडले, १९८२ मध्ये, आणि तेही इंडियानापोलिसलाच. अखेरच्या थांब्यावर मिअर्सच्या चमूने टाकी पूर्ण भरली. त्याचा प्रतिस्पर्धी गॉर्डन जॉनकॉक याच्या चमूने शेवटपर्यंत पुरेल इतकेच इंधन घेतले आणि त्याला लवकर सोडले. जॉनकॉक सुमारे ११ सेकंद पुढे गेला. त्यानंतर मिअर्सने दर फेरीला जवळजवळ एकेक सेकंद कापत आणला. शेवटच्या फेरीच्या आरंभी, पहिल्या वळणाच्या तोंडाशी, त्याची मोटार जॉनकॉकच्या मोटारीच्या शेजारी आली. जॉनकॉकने आपली वाट सोडली नाही. मिअर्ससमोर दोन मार्ग होते : आत तसेच घुसायचे आणि दोघांनाही भिंतीवर नेण्याचा धोका पत्करायचा, किंवा पाय उचलायचा. त्याने पाय उचलला, पुन्हा वेग घेतला आणि तो ०.१६ सेकंदाने हरला. तोपर्यंतच्या इतिहासातला तो सर्वात निसटता निकाल होता.

ती शर्यत मिअर्सच्या धीरामुळे गेली असे मला वाटत नाही. ती गेली इंधनाच्या नळीपाशी घालवलेल्या काही सेकंदांत. परंतु आपला मूळ प्रश्न त्याहून खोल आहे, आणि त्याचे उत्तर मी असे देईन की त्या वळणावर पाय न उचलणारा मिअर्स पुढे १९८४, १९८८ आणि १९९१ मध्ये जिंकायला उरलाच असता याची खात्री कुणी देऊ शकत नाही. दोनच वर्षांनी, १९८४ मध्ये, तो दोन फेऱ्यांच्या फरकाने जिंकला, ताशी १६३.६१२ मैल या तेव्हाच्या विक्रमी सरासरीने.

प्रश्न (इयत्ता नववीची विद्यार्थिनी, महू) : जिंकल्यावर तिथले चालक दूध का पितात?

उत्तर : १९३६ मध्ये लुई मेयर तिसऱ्यांदा जिंकला, तेव्हा त्याने दमून आल्यावर ताक मागून घेतले. उन्हातून आल्यावर ताक पिण्याची सवय त्याला घरातून होती. तेव्हाचे छायाचित्र वृत्तपत्रांत आले आणि दुग्धव्यावसायिकांनी ती कल्पना उचलून धरली. आता ताकाऐवजी दूध देतात, आणि साय असलेले, कमी स्निग्धांशाचे की साय नसलेले, हे प्रत्येक चालकाला शर्यतीआधी सांगून ठेवावे लागते.

प्रश्न (एक वाचक, देवास) : माझा मुलगा राज्यपातळीवर धावत असे. अपघातात त्याच्या दोन्ही पायांना गंभीर दुखापत झाली आहे. तो आता मैदानाचे नावही काढत नाही. मिअर्सच्या पायांविषयी आपण ओझरते लिहिले होते. ते सविस्तर सांगाल काय?

उत्तर : आपले पत्र वाचून बराच वेळ काही लिहावेसे वाटले नाही. मिअर्सची हकीगत जशी आहे तशी सांगतो. ती मुलाला दाखवायची की नाही हे आपण ठरवावे.

सप्टेंबर १९८४ मध्ये, म्हणजे दुसऱ्या इंडियानापोलिस विजयानंतर चार महिन्यांच्या आत, कॅनडातील क्वेबेक प्रांतात सॅनएअर नावाच्या लहान लंबगोल मार्गावर सराव चालू होता. मिअर्सची मोटार कडेच्या लोखंडी कठड्यात नाकाने शिरली. त्या काळच्या मोटारींत चालकाची पावले पुढच्या आसाच्याही पुढे असत, मध्ये पातळ पत्र्याखेरीज फारसे काही नसे. त्याच्या दोन्ही पावलांचा चुराडा झाला. पावले राहतील की नाही, इथपासून प्रश्न होता. इंडियानापोलिसचे अस्थिशल्यविशारद डॉ. टेरी ट्रॅमेल यांनी एकामागून एक शस्त्रक्रिया करून ती वाचवली.

१९८५ च्या मोसमात तो थोड्याच शर्यतींत उतरू शकला, आणि तेही लंबगोल मार्गांवर, कारण तिथे ब्रेकवर पाय वारंवार दाबावा लागत नाही. त्यांतली पोकोनोची ५०० मैलांची शर्यत त्याने ऑगस्टमध्ये जिंकली, अपघाताला वर्ष होण्याच्या आत. पण यावरून सारे पूर्ववत झाले असे समजू नये. १९८६ मध्ये तो एकही शर्यत जिंकला नाही. १९८७ मध्ये एक. डाव्या-उजव्या वळणांच्या मार्गावर, जिथे ब्रेकचे काम सततचे, तिथे अपघातानंतरच्या आठ वर्षांत त्याला एकच विजय मिळाला : १९८९ मध्ये लगुना सेका येथे. त्याचे एकूण विजय २९. त्यांतले १९ सॅनएअरपूर्वीचे आणि १० नंतरचे. म्हणजे पायांनी काही परत दिले नाही, असेच म्हणावे लागेल. त्याने काय केले, तर उरलेल्या पायांना जे जमते त्यावर, म्हणजे लंबगोल मार्गांवर, भर दिला आणि तिथे तो अव्वल ठरला. मोसमाचे विजेतेपद त्याला पुन्हा मिळाले नाही. इंडियानापोलिस मात्र त्याने आणखी दोनदा जिंकले.

निवृत्तीही त्याने स्वतःहून घेतली. १९९२ च्या मे महिन्यात सरावात त्याची मोटार घसरून उलटली आणि मनगट दुखावले. त्या डिसेंबरमध्ये, वयाच्या ४१व्या वर्षी, संघाच्या नाताळच्या मेळाव्यात त्याने निवृत्ती जाहीर केली, आणि तो त्याच संघात सल्लागार म्हणून राहिला. ब्राझीलचा एलिओ कास्ट्रोनेव्हेस २००१, २००२ आणि २००९ मध्ये पेन्स्के संघाकडून इंडियानापोलिस जिंकला, तेव्हा मिअर्स त्या संघाचा सल्लागार होता. पुढे २०२१ मध्ये दुसऱ्या संघाकडून चौथ्यांदा जिंकून कास्ट्रोनेव्हेस ए. जे. फॉइट, अल अन्सर आणि मिअर्स यांच्या रांगेत आला. चार वेळा जिंकलेले आजवर हे चौघेच.

आपला मुलगा धावू शकणार नाही असे वैद्यांनी सांगितले असेल, तर त्याला धावण्याचाच आग्रह करू नये असे मला वाटते. पण मैदानावर घड्याळ हातात घेऊन उभे राहणारा, लहान मुलांची पावले कुठे चुकतात हे ओळखणारा माणूसही लागतो, आणि ते डोळे त्याच्याकडे आहेत. त्याची इच्छा असेल तर त्याने मला पत्र लिहावे. मी उत्तर नक्की देईन.

प्रश्न (पहिलाच विद्यार्थी, सुदामा नगर, इंदूर, सोबतच्या दुसऱ्या कागदावर) : मी एकच शर्यत पाहायची ठरवली तर कोणती पाहू?

उत्तर : १९९१ ची इंडियानापोलिस पाहावी, आणि सारी पाहायला वेळ नसेल तर शेवटच्या १५ फेऱ्या.

मात्र त्याआधीचे ठाऊक असू द्यावे. पात्रता फेरीच्या आदल्या दिवशी सरावात मागच्या चाकाकडचा भाग मोडल्याने मिअर्सची मोटार भिंतीवर आदळली. त्या मार्गावरची ही त्याची पहिलीच धडक. उजवे पाऊल दुखावले, पण कुणाला फारसे कळू न देता तो त्याच दिवशी राखीव मोटारीतून पुन्हा मार्गावर आला आणि दुसऱ्या दिवशी त्याने पोल मिळवला. पुढे कळले की पावलाचे हाड मोडलेले होते. शर्यतीत उजव्या पायाने पेडल दाबणे सोसेना, तेव्हा त्याने डावे पाऊल त्यावर आडवे ठेवून दाबायला सुरुवात केली.

त्या दिवशी सर्वात वेगवान मोटार मारिओचा मुलगा मायकल आंद्रेट्टी याची होती. २०० पैकी ९७ फेऱ्या तो आघाडीवर होता. १८७व्या फेरीला, पिवळ्या झेंड्यानंतर (धोका असताना तो दाखवून मोटारींना हळू, एकामागून एक चालवतात) शर्यत पुन्हा सुरू होताना, मायकलने पहिल्या वळणात मिअर्सला बाहेरच्या बाजूने मागे टाकले. बाहेरची बाजू म्हणजे काय हे नीट समजून घ्यावे : तिथे अंतर जास्त, नेहमीची वाट नसल्यामुळे टायरांचे तुटलेले कण आणि धूळ साचलेली, पुढच्या मोटारीने घुसळलेल्या हवेमुळे पंखांची दाब देण्याची शक्ती कमी झालेली, आणि उजव्या हाताला भिंत. सबंध शर्यतीत असा प्रयत्न क्वचितच कुणी करतो. पुढच्याच फेरीत, त्याच वळणात, त्याच बाहेरच्या बाजूने मिअर्सने मायकलला मागे टाकले. १८७ फेऱ्या त्याने हा डाव काढला नव्हता. नंतर पिटच्या, म्हणजे मोटारी थांबण्याच्या जागेच्या, तोंडाशी मारिओ आंद्रेट्टीची मोटार बंद पडून आणखी एकदा पिवळा झेंडा आला, पुन्हा सुरुवात झाली, आणि मिअर्स सुमारे तीन सेकंदांच्या फरकाने जिंकला.

चित्रफीत १८८व्या फेरीला, पहिल्या वळणाच्या तोंडाशी, क्षणभर थांबवावी. मिअर्सची मोटार भिंतीकडे किती वर गेली आहे ते पाहावे, आत त्याच्या उजव्या पावलावर डावे पाऊल आहे हे मनात आणावे, आणि मग ती पुन्हा सुरू करावी.